आपली आवड खरंच आपली असते की फीडने लावलेली?

रानपाखरू

नमस्कार मंडळी, बरेच दिवस डोक्यात घोळतंय ते विचारते. धागा चुकीच्या विभागात असेल तर हलवा.

आमच्या टीममध्ये नवीन लोक आले तेव्हा ओळख करून देताना सगळ्यांनी आपापल्या आवडी सांगितल्या. ऐकता ऐकता लक्षात आलं की बहुतेकांची आवड म्हणजे ते सध्या काय बघतायत त्याची यादी आहे. कोणी सिरीज सांगितली, कोणी पॉडकास्ट, कोणी दोन क्रिएटर्सची नावं. माझा नंबर आला तेव्हा मीही तेच सांगितलं. त्यात वाईट काही नाही, पण मग मी बघायला लागले की माझ्या रोजच्या जगण्यातलं काय काय स्क्रीनवरून आलंय. सकाळी पळायला जाते ते एका व्हिडिओमुळे सुरू झालं. खोलीत पिवळा दिवाच हवा, पांढरा नको, हे रील्समधून. झोपायची वेळ एपिसोड ठरवतो, मी नाही. आणि गाण्यांचं तर काय सांगू, एक संपलं की दुसरं आपोआप सुरू होतं, त्यातली कितीतरी मी महिनोन्महिने ऐकतेय पण नाव विचाराल तर सांगता येणार नाही, गायक तर नाहीच नाही.

पळणं मला मनापासून आवडतं, ते सोडायचा विचारही नाहीये. पण मग ते माझं म्हणायचं की नाही? आणि तो दिवा? दोन्ही एकाच फोनमधून आलंय, तरी एक माझं वाटतं आणि दुसरं कुणीतरी हातात ठेवल्यासारखं वाटतं. हा फरक नेमका कशामुळे, हे मला कळत नाहीये. फोन बंद करा, अ‍ॅप उडवा छापाचे सल्ले प्लीज नकोत, मला समजून घ्यायचंय.

अर्धविराम

चांगला प्रश्न. मी रेकमेंडेशन सिस्टिमवरच, म्हणजे तुम्हाला पुढे काय दाखवायचं ते ठरवणाऱ्या सिस्टिमवर काम करतो, कंपनी कुठली ते राहू दे, सगळीकडे तत्त्व साधारण तेच आहे.

आधी एक गैरसमज काढून टाकू. सिस्टिमला तुमची आवड कळत नाही, तिला फक्त तुमचं वागणं दिसतं. किती सेकंद थांबलात, मागे जाऊन परत बघितलंत का, कोणाला पाठवलंत का, आणि कुठे पटकन पुढे सरकलात. आता थांबणं आणि आवडणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. रस्त्यात भांडण चाललं असेल तर आपण थांबून बघतो, म्हणून काही आपल्याला भांडणं आवडतात असं होत नाही, पण सिस्टिमच्या हिशोबात ते तसंच धरलं जातं. पूर्वी किती जणांनी क्लिक केलं याला महत्त्व होतं. २०१२ मध्ये यूट्यूबने ते बदललं आणि किती वेळ बघितलं याला वजन दिलं. २०१८ मध्ये त्यांच्याच प्रॉडक्ट प्रमुखाने जाहीरपणे सांगितलं होतं की यूट्यूबवर लोक जितका वेळ बघतात त्यातला ७० टक्क्यांहून जास्त वेळ हा रेकमेंड केलेल्या व्हिडिओंवर जातो. म्हणजे शोधून बघितलेलं कमी, पुढ्यात आलेलं जास्त.

मग पुढ्यात काय येतं? तुमच्यासारखं वागणाऱ्या लोकांनी पुढे काय बघितलं ते. तुम्ही एकदा पिवळ्या दिव्याच्या खोलीवर थांबलात, मग तशाच अजून खोल्या आल्या, आणि काही दिवसांनी खोली म्हटलं की डोळ्यासमोर तीच. रॉबर्ट झायोन्स नावाच्या मानसशास्त्रज्ञाने १९६८ मध्येच दाखवलं होतं की एखादी गोष्ट नुसती वारंवार समोर आली तरी ती आवडायला लागते, त्यासाठी ती चांगली असायचीही गरज नसते. जाहिरातवाले या परिणामावर कधीपासून जगतायत. आता फक्त ते प्रत्येकासाठी वेगवेगळं आणि दिवसभर चालू असतं.

म्हणून तुमच्या प्रश्नाचं माझं उत्तर असं की सुरुवात कुठून झाली हे बघू नका. सगळ्याच आवडी कुठून ना कुठून येतात, कोणी आईच्या पोटातून घेऊन येत नाही. बघायचं ते हे की नंतर ती गोष्ट पुन्हा पुन्हा कोणी केली. पळण्याचा व्हिडिओ एकदा आला, पण रोज उठून बूट तुम्ही घातलेत, धाप तुम्हाला लागली, पाऊस असताना जायचं की नाही हे तुम्ही ठरवलंत. दिव्याच्या बाबतीत सगळी पुनरावृत्ती स्क्रीनने केली, तुम्ही शेवटी फक्त हो म्हणालात. मला वाटतं तुम्हाला जो फरक जाणवतोय तो हाच आहे.

गाण्यांचंही तसंच, उलट तिथे एक पायरी अजून पुढे आहे. स्पॉटिफायवर गाणं ३० सेकंद वाजलं की ते ऐकलं असं मोजतात. त्यामुळे लोकांनी पहिल्या अर्ध्या मिनिटात सोडून जाऊ नये म्हणून गाणी लगेच मुख्य भागावर येतात, सुरुवातीची लांब वाद्यसंगीताची जागा आक्रसत चाललीय. आपण फीडमधून निवडतोय असं वाटतं, पण जे निवडायला ठेवलंय तेच त्या मोजमापाला धरून बनलेलं असतं.

जुना_टेपरेकॉर्डर

अर्धविराम, छान समजावलंत. पण पुनरावृत्ती दुसऱ्याने करायची हे काही नवीन नाही हो. आमच्या वेळी रेडिओवर तीच तीच गाणी दिवसातून किती वेळा लागायची, आम्ही कुठे निवडत होतो? पडद्यावरच्या नटासारखे केस कापून घेणारी, त्याच्यासारखी चालणारी मुलं मी डोळ्याने बघितलीत. तेव्हाही माणसं दुसऱ्याचं बघूनच घडत होती आणि त्यातून आमच्या पिढीचं काही वाकडं झालं असं मला वाटत नाही.

फरक पडलाय तो दुसरीकडे. तेव्हा घरात एकच टीव्ही किंवा एकच रेडिओ, त्यामुळे मला न आवडणारं सुद्धा मला ऐकावं लागायचं. माझ्या मोठ्या बहिणीला जी रडकी गाणी आवडायची त्यांचा मला मनस्वी तिटकारा होता, त्यावरून आमची रोज भांडणं व्हायची, आणि आज त्यातलं प्रत्येक गाणं मला पाठ आहे, तिची आठवण आली की मी तीच गाणी लावतो. तिची आवड मला माहीत होती म्हणून ती माणूस म्हणून मला माहीत होती. शिवाय 'मला हे नाही आवडत' असं भांडून भांडून सांगताना मला काय आवडतं तेही पक्कं होत गेलं. १९७९ मध्ये सोनीचा वॉकमन आला तेव्हापासून संगीत एकेकट्याचं व्हायला लागलं म्हणा, पण त्यातली कॅसेट तरी कोणाकडून तरी मागून आणलेली असायची.

आता माझ्या घरात चार माणसं आणि चार स्क्रीन. एकाच खोलीत बसून चौघं चार वेगळ्या जगात हसतात. नातू कशाला हसतोय मला कळत नाही, सुनेला कोण आवडतं मला माहीत नाही. न आवडणारं समोर येतच नाही, आलं तरी दोन सेकंदांत सरकवून मोकळं व्हायचं. आवड बदलली याचं मला दुःख नाही, आवडीवरून भांडायला माणूस उरला नाही याचं आहे.

रानपाखरू

काका, हे वाचून थांबलेच. मला खरंच सांगता येणार नाही की माझा नवरा रात्री हेडफोन लावून काय बघतो. विचारलं तर सांगेल, लपवत काहीच नाही, पण विचारायची वेळच येत नाही.

आणि अर्धविराम, पुनरावृत्ती कोणी केली ही कसोटी आवडली. झोपेचं मात्र त्यात कुठे बसवायचं कळत नाही. एपिसोड संपला की पुढचा आपोआप सुरू होतो, म्हणजे बघणारी मी आणि सुरू करणारा तो.

अर्धविराम

झोपेचं तर कंपनीनेच सांगून टाकलंय. २०१७ मध्ये नेटफ्लिक्सचे तेव्हाचे प्रमुख रीड हेस्टिंग्ज म्हणाले होते की आमची स्पर्धा झोपेशी आहे. पुढचा एपिसोड आपोआप सुरू होणं हे तिथे २०१२ पासून आहे आणि त्याच सुमारास त्यांनी अख्खा सीझन एकाच दिवशी टाकायला सुरुवात केली, आठवडाभर वाट बघणं तिथेच संपलं. पूर्वी 'आता पुरे' म्हणायला एक जागा असायची, भाग संपला, पान संपलं, कॅसेटची बाजू संपली. ती जागा काढून टाकली की माणसाला थांबायचा निर्णय स्वतःहून घ्यावा लागतो आणि रात्री थकलेल्या डोक्याला तेच सगळ्यात जड जातं. प्रोफाइलच्या सेटिंगमध्ये ऑटोप्ले बंद करता येतं, एवढंच करून बघा, सिरीज सोडायची गरज नाही.

दुपारची_सावली

पुनरावृत्तीची कसोटी चांगली आहे पण मला ती पुरी पडत नाही, कारण माझ्या बाबतीत पुनरावृत्ती मीच केली होती आणि तरी आवड हातातून गेली. जरा मोठं लिहिते.

मी भरतकाम करते, लहानपणापासून. त्याचे व्हिडिओ टाकायला लागले. जे व्हिडिओ चालायचे ते ठरलेले असायचे, कोरं कापड, झरझर टाके, शेवटी तयार फूल, सगळं अर्ध्या मिनिटात. मला स्वतःला सगळ्यात आवडायचं ते म्हणजे कापडाची मागची बाजू स्वच्छ ठेवणं, धागा कुठे लपवायचा, गाठ न मारता शेवट कसा करायचा. ते कोणी बघायचं नाही. मग साहजिकच मी जास्त फुलं करायला लागले, कोणी जबरदस्ती केली नव्हती, हात माझे, वेळ माझा. आणि वर्षभराने एकदा शांतपणे बसून मागची बाजू नीट करायला घेतली तर मला चक्क कंटाळा आला. जे काम मी तासन् तास करायचे त्याचा कंटाळा! आकड्यांनी माझ्या व्हिडिओला दिशा दिली इथपर्यंत मला कळत होतं, पण ते माझ्या बोटांपर्यंत, माझ्या धीरापर्यंत पोचतील असं वाटलं नव्हतं.

म्हणून मला वाटतं नुसतं बघण्यापेक्षा दाखवणं जास्त खोल जातं. फेसबुकचं लाइक बटण २००९ मध्ये आलं, त्याआधी आपण केलेलं कोणाला किती आवडलं हे रोजच्या जगण्यात असं अंकात फारसं कळायचं नाही. तोंडावरून, बोलण्यावरून कळायचं, आणि समोरच्याचं मत कोण देतंय यावर त्याची किंमत ठरायची. ज्या बाईंनी मला टाका शिकवला त्यांचं नुसतं 'हं' मला पुरायचं. अंकात त्यांचं 'हं' आणि कोणा अनोळखी माणसाने बसमध्ये बसून मारलेला टॅप सारखाच.

आणि समाजशास्त्रात अर्व्हिंग गॉफमन यांनी १९५० च्या दशकात एक विचार मांडला होता की माणूस रोजच्या जगण्यात रंगमंचावर असल्यासारखा वावरतो, लोकांसमोर एक रूप, पडद्यामागे दुसरं, आणि प्रेक्षक बदलला की भूमिकाही बदलते. ऑफिसात वेगळे, मैत्रिणींत वेगळे, यात खोटं काही नसतं. पण एकाच अकाउंटवर बॉस, मावशी, शाळेतली मैत्रीण आणि अनोळखी लोक एकत्र बसलेले असले की सगळ्यांना चालेल असं एकच रूप उरतं, आणि ते रोज दाखवता दाखवता आपल्यालाही तेच खरं वाटायला लागतं. माझ्या बाबतीत ते रूप होतं 'फुलांवाली ताई'.

मी व्हिडिओ बंद नाही केले, त्यातून कामं मिळतात, शिकणाऱ्या मुली मिळाल्या. पण एक मोठं कापड घेतलंय ज्याचा फोटो कधीच काढायचा नाही. इन्स्टावर लाइक्सचा आकडा लपवायची सोय २०२१ पासून सगळ्यांना आहे, तीही वापरते. धीर परत येतोय, हळूहळू.

नुसताच_वाचनमात्र

सावलीताईंना +१. शेवटून दुसरा परिच्छेद बायकोला वाचून दाखवला, ती गप्पच झाली, ती पण व्हिडिओ करते.

खिडकीपाशी

सगळं वाचलं, पटतंय बरंचसं, तरी धाग्याचा सूर मला खटकतोय, कारण फीडने लादलेलं म्हणजे कमी अस्सल असं सगळे धरून चाललेत. ज्यांना आजूबाजूच्या जगात स्वतःसारखं कोणी दिसतच नाही त्यांच्या बाजूने बघा जरा.

माझा धाकटा भाऊ जन्मापासून जवळजवळ काहीच ऐकू शकत नाही. जुना_टेपरेकॉर्डर काका, तुमच्या घरातला तो एक टीव्ही वाचून मला आमचा टीव्ही आठवला. सगळे एकत्र हसायचे आणि तो आमच्या तोंडाकडे बघायचा. मी जाहिरात लागली की घाईघाईने सांगायचे काय झालं ते, तोपर्यंत पुढचं सुरू. एकत्र बघण्याचं सुख आम्हाला होतं, त्याला नव्हतं. यूट्यूबवर २००९ मध्ये आपोआप येणाऱ्या कॅप्शन्स सुरू झाल्या, त्या सुरुवातीला चुकांनी भरलेल्या असायच्या आणि फक्त इंग्रजीत, पण त्या वाचत वाचत त्याचं इंग्रजी आमच्या सगळ्यांपेक्षा चांगलं झालं. पहिल्यांदा तो आमच्या आधी हसला.

त्यापेक्षा मोठी गोष्ट नंतर झाली. त्याला कधीतरी सांकेतिक भाषेत बोलणाऱ्या एका माणसाचा व्हिडिओ आला. त्याने तो शोधला नव्हता, तसं काही असतं हेच त्याला माहीत नव्हतं, कारण आमच्या घरात आणि त्याच्या शाळेतही ओठ वाचून बोलायला शिकवण्यावर सगळा भर होता. तो थांबला, मग अर्धविराम म्हणतात तसं अजून आले, अजून आले. झायोन्सचा नियम तिथेही लागू झाला असेल, होऊ दे. आमच्या घराने त्याला इतकी वर्षं एकच गोष्ट पुन्हा पुन्हा दाखवली होती की तुझ्यात काहीतरी कमी आहे. त्या फीडने पुन्हा पुन्हा दुसरं दाखवलं, हातांनी विनोद सांगणारी माणसं, भांडणारी, प्रेम करणारी, शिकवणारी. आता तो स्वतःची ओळख करून देताना 'मला ऐकू येत नाही' असं म्हणत नाही, 'मी बधिर आहे, ही माझी भाषा आहे' असं हातांनी ताठ मानेने सांगतो. ही ओळख त्याची नाही असं कोणी म्हणून दाखवावं.

तेव्हा पुनरावृत्ती कोणी केली इतकंच नाही, ती नसती झाली तर त्या जागी काय होतं हेही विचारायला हवं.

खडूफळा

खिडकीपाशी, तुमचं लिहिणं वाचून डोळे भरून आले. शिक्षिका म्हणून सांगते, शाळेनेही हा प्रश्न स्वतःला विचारायला हवा.

मुलांचं थोडं लिहिते. माझ्या वर्गातला एक मुलगा उत्तर देताना हुबेहूब एका गेमिंग स्ट्रीमरच्या (गेम खेळताना लाइव्ह दाखवणाऱ्याच्या) लकबीत बोलतो, तोच सूर, तोच हात. पालकांना काळजी वाटते. मला स्ट्रीमरची नक्कल करण्याची तेवढी नाही वाटत, त्या वयात कोणाची तरी करतातच. डोनाल्ड हॉर्टन आणि रिचर्ड वोल यांनी १९५६ मध्येच लिहून ठेवलंय की टीव्ही-रेडिओवरच्या निवेदकाशी प्रेक्षकाचं एकतर्फी मैत्रीचं नातं तयार होतं, आपण त्याला ओळखतो, तो आपल्याला नाही. आता तो स्ट्रीमर कमेंटमधलं नाव वाचून दाखवतो, त्यामुळे मुलाला वाटतं तो मला ओळखतो. तिथे मात्र जपायला हवं, कारण मित्र चुकला तर आपण त्याला सांगतो आणि तो आपल्याला सांगतो, इथे सांगणं एकाच बाजूने असतं.

ऑस्ट्रेलियात १० डिसेंबर २०२५ पासून १६ वर्षांखालच्या मुलांना मोठ्या सोशल मीडियावर अकाउंट ठेवता येत नाही. मला ते कळतं, पण असा नियम खिडकीपाशी यांच्या भावासारख्या लहान मुलालाही लागू होतो, हे आज हा धागा वाचेपर्यंत मी या बाजूने बघितलंच नव्हतं. मी वर्गात एवढंच करते, मुलांना आवडत्या क्रिएटरबद्दल बोलायला लावते आणि विचारते, त्याचं कुठलं म्हणणं तुला पटत नाही? ज्याच्याकडे याचं उत्तर असतं त्याची मला चिंता वाटत नाही.

रानपाखरू

सगळ्यांचे मनापासून आभार, विशेषतः सावली आणि खिडकीपाशी. थोडं करून बघितलं ते सांगते.

यूट्यूबची वॉच हिस्टरी पुसली आणि बंद केली. असं केलं की होमपेज रिकामं येतं, फक्त सर्चची जागा, हे २०२३ पासून आहे म्हणे. समोर रिकामा चौकोन आणि मला काय बघायचंय ते मला सुचेना. बराच वेळ. मग टाइप केलं पायाची पोटरी दुखते त्याबद्दल, आणि नंतर लहानपणी आजोबा दाखवायचे त्या चांदण्यांची नावं, जे मी कित्येक वर्षांत आठवलंही नव्हतं. पळणं चालू आहे. दिवा अजून पिवळाच आहे, बदलावासा नाही वाटला.

नवऱ्याला विचारलं रात्री काय बघतोस, तर तो जुन्या घड्याळांची दुरुस्ती बघतो! मला पत्ता नव्हता. एक हेडफोन मी घेतला, मला अजिबात नाही आवडलं, आणि त्यावरून आम्ही चांगला अर्धा तास वाद घातला. काका, तुमच्यासाठी लिहिलं हे.

खिडकीपाशी, तुमच्या भावाला विचाराल का, तो हिस्टरी बंद करेल का कधी?

खिडकीपाशी

विचारलं. तो नाही म्हणाला, ठाम. म्हणाला रिकाम्या चौकोनात टाइप करायला आधी ती गोष्ट असते हे माहीत पाहिजे, आणि मला कोणीच सांगितलं नव्हतं. पण त्याने दोन अकाउंट ठेवलीत हे मला नव्याने कळलं. एक सांकेतिक भाषेचं, तिथे तो दुसरं काहीच उघडत नाही म्हणजे तेच येत राहतं, आणि दुसरं बाकी टाइमपासला, ते दर काही दिवसांनी साफ करतो. अर्धविराम, असं वेगळं ठेवल्याने खरंच फरक पडतो का हो, की एकाच फोनवर असल्यामुळे शेवटी सगळं मिसळतंच?

अर्धविराम

फरक पडतो. बघितल्याची नोंद अकाउंटप्रमाणे राहते, त्यामुळे मुख्य रेकमेंडेशन वेगळी राहतात. जाहिराती मात्र फोन आणि ठिकाणावरूनही ठरतात, त्या थोड्या मिसळतील. भावाला सांगा, पहिल्या अकाउंटवर आवडलेल्या लोकांना सबस्क्राइब करून ठेव आणि शक्यतो सबस्क्रिप्शनच्या टॅबमधूनच बघ, म्हणजे उद्या अल्गोरिदम बदलला तरी ती माणसं हरवणार नाहीत.